किलकोरनचा चौदा नंबर

“आज त्याचा हात मोडला नाहीस, तर माझ्या दारात पुन्हा पाऊल ठेवू नकोस,” ख्रिस्टी लॅफन म्हणाला.

ख्रिस्टी किलकोरन गावाच्या हर्लिंग संघाचा निवडकर्ता, आणि गावातल्या एकुलत्या एका पबचा मालक. त्यामुळे त्याच्या दाराला वजन होतं. मॉसी लहीफ बुटांच्या नाड्या बांधत राहिला. उजव्या हाताची दोन बोटं वळत नसल्यानं नाड्यांना त्याला इतरांपेक्षा जास्त वेळ लागे.

“पाकीचा म्हणतोयस?”

“मग काय पोपचा?”

कपडे बदलायच्या त्या शेडमध्ये कोणी हसलं नाही. किलकोरनचा हा शेवटचा सामना होता. तरणी पोरं बोस्टनला नि लंडनला निघून गेलेली, पंधरा जण गोळा करताना नाकी नऊ येत. म्हणून पुढच्या वर्षीपासून शेजारच्या बॅलिड्वेनशी मिळून एकच संघ करायचं ठरलं होतं. दोन्ही गावांचं सख्य विळ्या-भोपळ्याचं. त्या सभेत दोन खुर्च्या मोडल्या, तरी ठराव झालाच. नव्या संघात आपण खेळणार नाही, असं मॉसीनं तिथंच सांगून टाकलं. वय अडतीस, एक गुडघा कामातून गेलेला. ज्या जर्सीत सुरुवात केली तिच्यातच संपवायचं, आणि बॅलिड्वेनला हरवून संपवायचं, एवढीच त्याची इच्छा उरली होती.

पाकी कॉन्सिडाइन हा बॅलिड्वेनचा बचावपटू आणि मॉसीचा सख्खा मेव्हणा. सोळा वर्षांपूर्वी मॉसी त्याच्या बहिणीला, नोरीनला, नाचाला घेऊन जाऊ लागला. त्याच उन्हाळ्यात एका सामन्यात मॉसी चेंडू उचलायला वाकला, आणि पाकीनं त्याच्या हातावर काठी घातली. पंचानं शिट्टीसुद्धा वाजवली नाही. हर्लिंग हा काठ्यांचाच खेळ, त्यात जमिनीवरच्या चेंडूवर काठी फिरवायची मुभा असते. हात घालणाऱ्यानं आपलं बघावं. पुढच्या रविवारी जिल्ह्याच्या संघाची निवड झाली, तेव्हा मॉसी इस्पितळात होता. जिल्ह्याचं बोलावणं पुन्हा कधी आलं नाही. आलं ते डेअरीच्या टँकरचं काम. गोठ्यागोठ्यातून दूध गोळा करायचं, पाकीच्या गोठ्यातूनही. मॉसी एक दिवसाआड त्याच्या अंगणात जायचा, दूध ओढून घ्यायचा आणि निघायचा. नोरीनशी लग्न झालं, पोरी झाल्या, पण या दोघांत विस्तव जात नव्हता.

“या दाजी,” मैदानात पाकीनं त्याचं स्वागत केलं. “आमची ताई कशी आहे? अजून तुमचे मोजेच धुतेय?”

“तोंड मीट.”

“मिटतो की. पुढच्या वर्षी एका बाकावर बसायचंय आपल्याला. बसाल ना? का बोटं दुखतात?”

आणि पंचाची पाठ वळताच त्यानं काठीचं टोक मॉसीच्या बरगडीत खुपसलं. मॉसीनं पुढच्याच धावेत त्याच्या पायावर बूट रोवला. हिशेब असाच चालू राहिला. कडेला उभी दोन्ही गावं एकमेकांच्या आयांचा उद्धार करत होती, सकाळी एकाच चर्चमध्ये गुडघे टेकून आली असली तरी. नोरीन कुठल्याच घोळक्यात उभी राहायची नाही. ती गोलामागच्या कुंपणाशी एकटी असायची, आणि दोन्हीकडचे लोक तिला आपल्यातलं मानत नसत.

“बायकोला विचारून मारतोस काय रे, मॉसी?” किलकोरनच्याच बाजूनं कोणीतरी ओरडलं.

सामना संपत आला तेव्हा किलकोरन दोन गुणांनी मागे होतं. जाळ्यात गेलेल्या चेंडूला तीन मिळतात. एक उंच चेंडू गोलासमोर पडला, त्यावर सगळे तुटून पडले. गोलरक्षक पुढे धावला आणि दोघांच्या अंगाखाली सापडला. पाकी घसरला, त्याची काठी हातातून सुटली, आणि चिखलात थांबलेल्या चेंडूवर त्यानं नुसता पंजा टाकला.

मॉसी त्याच्या डोक्यावर उभा होता. काठी खांद्यामागे गेलेली, समोर मोकळं जाळं. सोळा वर्षं तो याच घटकेची वाट बघत झोपला आणि उठला होता.

“मार,” ख्रिस्टी कडेवरून ओरडला. “मार त्याला.”

मॉसीला पाकीचा चेहरा दिसला नाही. हात दिसला. फाकलेली बोटं, नखांत माती, सांध्यावरची फुगीर हाडं. ती हाडं मोडताना कसा आवाज येतो, हे त्या मैदानावर फक्त त्यालाच आतून माहीत होतं. त्याला राग होता, पुरेपूर होता. पण काठी खाली आली नाही. पाकीनं चेंडू उचलला, उभा राहिला, दूर भिरकावला. शेवटची शिट्टी वाजली, किलकोरन हरलं.

“मारली का नाहीस?” पाकीनं विचारलं. आता दाजी वगैरे नव्हतं.

“ठाऊक नाही.”

“मी मारली असती.”

“ते ठाऊक आहे.”

“मूर्ख आहेस तू,” असं म्हणून पाकी थुंकला आणि आपल्या माणसांकडे गेला.

शेडमध्ये कोणी मॉसीकडे बघितलं नाही. सामन्यानंतर सगळ्या जर्सी एका पिशवीत टाकायच्या, आणि ती पिशवी पाळीपाळीनं एकेका घरी धुवायला जायची, अशी किलकोरनची जुनी पद्धत. या वेळची पाळी लहीफांची होती. मॉसीनं आपली चौदा नंबरची जर्सी काढली आणि पुढे केली. ख्रिस्टीनं तिच्याकडे नजर टाकली, पिशवीचं तोंड आवळलं आणि गाठ मारली.

“माझ्या घरी धुतो,” तो म्हणाला. “तुझी तू ठेव. बॅलिड्वेनला दे हवी तर.”

मॉसीनं ती गुंडाळून काखेत मारली.

घरी नोरीननं त्याच्या हातातून जर्सी घेतली. “पिशवी कुठाय?”

“ख्रिस्टीनं नेली.”

ती समजली. बराच वेळ ती नळाखाली चिखल काढत राहिली.

“माझ्यासाठी थांबलास?”

“नाही.”

“बरं झालं,” ती म्हणाली. “माझ्यासाठी थांबला असतास, तर ते ओझं मला आयुष्यभर पेललं नसतं.”

सकाळी तो टँकर घेऊन निघाला, तेव्हा दोरीवर ती जर्सी एकटीच होती. हिरवी, तळहाताएवढ्या डागांची, चौदा नंबरची. कामाला जाणाऱ्या गाड्या कुंपणापाशी वेग कमी करत, आतले चेहरे बघत, आणि पुढे जात. वाऱ्यानं जर्सी उलटी फिरली. नोरीन बाहेर आली आणि नंबर रस्त्याकडे येईल अशी तिनं ती पुन्हा चिमट्यांनी नीट लावली.