निरंजनाच्या लग्नाची कॅसेट

फोटो होते गा घरात, ढीगभर होते. पण फोटो बोलतो थोडाच! निरंजना जाऊन वर्ष झालं आणि जयवंताबाईच्या ध्यानात आलं, की लेकीचा चेहरा लख्ख आठवतो, आवाज मात्र कानातून निसटत चाललाय. ‘आई’ अशी हाक ती नेमकी कशी मारायची, तेच आठवेना. बाई हादरलीच.

रामटेकला दिली होती पोर. कावीळ झाली, सासरच्यांनी झाडपाल्यावर दिवस काढले, आणि माहेरी निरोप आला तो थेट मातीचा.

मग जयवंताबाईला लग्नाची कॅसेट आठवली. सत्त्याऐंशी साली त्यांच्या नंदनवन वस्तीत घरोघरी व्हीसीआर कुठला! नवऱ्यानं, रुपरावनं, तो भाड्यानं आणला. भर दुपारी दारं-खिडक्या लावून दोघं टीव्हीसमोर बसली.

पांढऱ्या साडीतली निरंजना भन्तेजींसमोर हात जोडून बसली होती. ओठ हलत होते. बुद्धवंदना चालली असणार. आणि ऐकू काय येत होतं? सिनेमाचं गाणं! वंदनेवर गाणं, हार घालताना गाणं, पंगतीवरही गाणं.

“अवो, पोरीचा आवाज कुठी गेला?”

रुपरावची मान खाली गेली. “मीच सांगतलं होतं व्हिडिओवाल्याले. नुसता गोंगाट काय कामाचा, मस्त गाणे टाक म्हटलं. सगळेच टाकून राहिले होते तव्हा.”

“पयलीवाली कॅसेट असन ना त्याच्यापाशी?”

“व्हीसीआर आनला तव्हाच त्याले इचारून आलो. त्याच्यावर त्यानं दुसऱ्याचं लगन भरलं.”

“आग लागो तुमच्या हौशेले!” जयवंताबाई कडाडली. नवऱ्याला जन्मात कधी अशी बोलली नव्हती. तो रडायला लागला, तरी तिला त्याची दया आली नाही.

शेवटी पाठवणी आली. निरंजना आईच्या गळ्यात पडली, तोंड तिच्या कानाशी नेलं आणि बोलू लागली. चांगली बराच वेळ बोलली. टीव्हीतली जयवंताबाई लेकीची पाठ थोपटत हो-हो करत होती, आणि दुसऱ्या हातानं निघालेल्या पाहुण्यांना जेवून जा म्हणून खुणावत होती.

“मांगं घ्या,” जयवंताबाई म्हणाली. रुपरावनं कॅसेट मागे घेतली. तिनं पुढे सरकून टीव्हीला कान लावला. गाणंच वाजत होतं.

“काय म्हणून राहिली वं ते?” रुपरावनं डोळे पुसत विचारलं.

“मले काय मालूम,” ती म्हणाली. “म्या आयकलंच नाही तव्हा. नुसतं हो म्हटलं.”