एक डाव कमी

शेवटची फेरी सुरू होऊन अकरा मिनिटं झाली होती आणि बाईंच्या समोरची खुर्ची अजून रिकामीच होती.

समोरच्याचं घड्याळ मुकाट पळत होतं. तिसाव्या मिनिटापर्यंत तो आला नाही, की पंच येऊन बाईंना पुढे चाल देणार. बसल्या जागी एक गुण आणि स्पर्धेत दुसरा नंबर. शेजारच्या पटावरच्या गृहस्थांनी तर भुवया उडवून अभिनंदनही करून टाकलं. बाईंची मात्र तळपायाची आग मस्तकात गेली होती.

ही फुकटची पुढे चाल त्यांना एकदा चांगलीच नडली होती. ग्रँडमास्टर व्हायचं तर तगड्या स्पर्धांमध्ये त्या तोडीची कामगिरी करून तिचे तीन दाखले, म्हणजे नॉर्म, मिळवावे लागतात, आणि ते सगळे मिळून निदान सत्तावीस डाव भरावे लागतात. खेळलेले डाव, म्हणजे समोर माणूस बसवून. बाईंनी बाविसाव्या वर्षी तिसरा नॉर्म घेतला, तेव्हा शेवटच्या दिवशी प्रतिस्पर्ध्याची गाडी चुकली. आयता गुण मिळाला म्हणून बाई वडिलांना घेऊन दिवसभर शहरात भटकल्या, नातेवाइकांना तारा केल्या. दोन महिन्यांनी महासंघाचं पत्र आलं. नऊ, नऊ आणि आठ, एकूण सव्वीस. एक डाव कमी. बरं, तो एक डाव कुठे सुटा मिळत नाही. त्यासाठी अख्खा नवा नॉर्म पहिल्यापासून कमवावा लागतो.

मग वडिलांनी अंथरूण धरलं, बाईंना औषधांच्या दुकानात नोकरी लागली आणि पंचवीस वर्षं कशी गेली ते कळलंही नाही. बाई रजा साठवून स्पर्धांना जायच्या आणि अर्ध्या-एका गुणाने हात हलवत परत यायच्या. "अहो वन्सं, या वयात आता कुणाला काय दाखवायचंय?" वहिनी विचारायची. "दाखवायचं नाही गं, मला बघायचंय," असं म्हणून बाई पुन्हा बॅग भरायच्या.

या वेळी आठ डावांत साडेपाच गुण झाले होते. नववा जिंकला की नॉर्म. पण खेळून जिंकायला हवा; आयता गुण नॉर्ममध्ये धरत नाहीत आणि नुसत्या साडेपाचावर नॉर्म होत नाही.

आणि नववा प्रतिस्पर्धी होता घुम्या. सात वर्षांचा असताना तो आईबरोबर खोकल्याचं औषध घ्यायला दुकानात आला होता आणि काउंटरवरच्या पटावरून त्याने नजर काढली नव्हती. पुढची नऊ वर्षं दुपारच्या सुट्टीत बाईंनी त्याला खेळ शिकवला. बोलायचा अगदी मोजकं, म्हणून घुम्या. आता चोवीस वर्षांचा ग्रँडमास्टर होता आणि या स्पर्धेत सगळ्यांत पुढे. सकाळी चहाच्या टेबलावर ठणठणीत होता.

चौदाव्या मिनिटाला बाईंच्या डोक्यात प्रकाश पडला. हा गधडा आपल्याला गुण भेट देतोय! दोन हजार डाव तोंडपाठ आहेत, पण नियमांचं पुस्तक कधी उघडलंय का? सोळाव्या वर्षी किताब मिळालेल्याला कशाला लागतंय ते पुस्तक.

त्या उठल्या तसे पंच लगबगीने आले.

"मॅडम, खेळाची जागा सोडून जाता येत नाही."

"मग माझ्या नावावर ताकीद लिहा."

"अहो, सोळा मिनिटं थांबा फक्त. गुण तुमचाच आहे."

"तो घाला चुलीत," बाई म्हणाल्या आणि जिन्याकडे वळल्या.

खेळाडू याच हॉटेलात उतरले होते. तिसरा मजला, शेवटची खोली. बाईंनी दारावर अशी काही थाप मारली की समोरच्या खोलीतलं कुणीतरी बाहेर डोकावलं. घुम्याने दार उघडलं. अंगात इस्त्रीचा शर्ट, पायात बूट.

"मला ताप आहे, बाई."

"बूट घालून?"

घुम्याने बुटांकडे पाहिलं. "मला तुम्हाला हरवायचं नाही," तो म्हणाला. "तुमचा एकच राहिलाय. माझं काय जातंय?"

"तुझं काही जात नाही. माझे सगळे नऊ दिवस जातात! पुढे चाल नॉर्मला धरत नाहीत, मूर्खा. मी याच पायी पंचवीस वर्षं घासली."

घुम्याचा चेहरा पांढराफटक पडला. "मला माहीत नव्हतं."

"आता कळलं ना? चल खाली. आणि नीट ऐक. तू मला हरवायचं की नाही, ते ठरवणारा तू कोण? मी तुला हरवणार आहे."

अठ्ठाविसाव्या मिनिटाला घुम्या खुर्चीत बसला आणि त्याने राजापुढचं प्यादं दोन घरं सरकवलं. बाईंच्या नावावर ताकीद लिहिली गेली होती. त्यांनी तिकडे ढुंकूनही पाहिलं नाही.

अठराव्या चालीला घुम्याने कडेचं एक प्यादं उघडं टाकलं. घेतलं असतं तर डाव जवळजवळ खिशात होता. बाई त्या प्याद्याकडे बघत राहिल्या. नऊ वर्षं शिकवलेल्या पोराची चाल त्यांना कळत नव्हती थोडीच! हे प्यादं चुकून राहिलेलं नव्हतं, वाढून ठेवलेलं होतं.

हात पुढे करायचा अवकाश होता. कुणाला कळलं असतं? कुणालाच नाही. त्या क्षणी बाईंना स्वतःच्या मोहाचीही लाज वाटली आणि त्या पोराच्या मायेचाही संताप आला. त्यांनी प्यादं सोडलं, आपला राजा एक घर बाजूला घेतला, घड्याळ दाबलं आणि घुम्याने मान वर करेपर्यंत त्याच्याकडे टक लावून बघत बसल्या. बोलायला परवानगी नव्हती. त्याची गरजही पडली नाही. घुम्या कानापर्यंत लाल झाला.

पुढच्या चालीला त्याने ते प्यादं मुकाट्याने सांभाळून घेतलं. मग शर्टाच्या बाह्या वर केल्या आणि खेळायला लागला.

आणि काय खेळला! तिसाव्या चालीपर्यंत बाईंच्या मोहऱ्यांना हलायला जागा उरली नव्हती. वजीर गेले, उंट गेले, बाईंचं एक प्यादंही गेलं. चाळिसाव्या चालीला तर घुम्याचा डाव सरळ वरचढ होता. पण बाईंना कित्येक वर्षांत इतकं बरं वाटलं नव्हतं. या, म्हणावं, काय करायचं ते करा. मी इथेच बसलेय.

पाचव्या तासाला दोघांच्याही घड्याळात मिनिटभरच उरलं होतं. घुम्याने घाईघाईत हत्ती मागे घेतला. बाईंचा घोडा उडी मारून मध्यात आला. राजाला शह आणि त्याच घोड्याखाली हत्ती.

घुम्या पटाकडे बघतच राहिला. मग त्याने राजा आडवा केला, हात पुढे केला न केला आणि ताडकन उठला.

"मी जिंकत होतो!" एरवी ज्याच्या तोंडून शब्द ओढून काढावा लागायचा, तो भर हॉलमध्ये ओरडला. "हत्ती पुढे घातला असता तर चार चालींत संपलं होतं! चार! समोर दिसत होतं मला!" लोक श्श श्श करायला लागले. त्याने खुर्ची लाथेने मागे ढकलली, डावाच्या कागदावर सहीसुद्धा करायला थांबला नाही, आणि दार धाडकन आपटून निघून गेला.

पंच धावत आले. "काय झालं हो त्याला? भांडलात की काय?"

बाईंचे डोळे भरून आले होते आणि त्या हसत होत्या. हसू आवरेना म्हणून त्यांनी पदर तोंडाला लावला.

"हरलाय तो," बाई म्हणाल्या. "खरोखर हरलाय."