हिरव्या लादीचा काटकोन

दगड कापायच्या कारखान्यात मावशीला सगळे मावशीच म्हणत. मुकादमसुद्धा, आणि तो तर तिच्याहून दोन वर्षांनी मोठा होता. अठ्ठावीस वर्षं तिने लाद्यांवर आखणी केली होती. गुण्या लावायचा, पेन्सिल ओढायची, काटकोन तयार. पण नवं यंत्र आलं आणि त्याला पेन्सिलीची रेघ कळेना. रेघ समीकरणात सांगितली तरच ते कापणार.

"यंत्राला जो रेघ सांगेल तो यंत्रावर. बाकीचे पॉलिशला," मुकादमाने सांगून टाकलं. पॉलिश म्हणजे दिवसभर चिखलपाण्यात ओणवं राहणं. मावशीचे गुडघे कधीच बोलायला लागले होते. म्हणून दोन आठवडे ती सुनेचं गणिताचं पुस्तक घेऊन स्वयंपाकघरात बसली होती.

आज मुकादमाने हिरवी लादी काढली. तिच्या कागदी नकाशावर चौकोनी घरं आखलेली. लादीची तिरकी कड एक घर उजवीकडे गेली की दोन घरं वर चढत होती. तिचं समीकरण छापलेलंच होतं: y = 2x + 1. त्या कडेला काटकोनात काप हवा होता, आणि तो नकाशाच्या खालच्या डाव्या कोपऱ्यापासून सहा घरं उजवीकडे, तीन घरं वर असलेल्या खुणेतून जायला हवा होता.

"अशी एकच लादी उरलीय, मावशी. वाट लावू नका."

मावशीने मांडलं: y = −2x + 15. पडद्यावर रेघ उमटली.

"खुणेतून जातेय की!" मुकादम म्हणाला. "दाबू बटण?"

यंत्राबरोबर आलेला तंत्रज्ञ उगाच चष्मा पुसायला लागला.

"थांबा!" मावशी ओरडली. दोन्ही रेघा घडीच्या शिडीच्या पायांसारख्या एकमेकींना टेकल्या होत्या. हा कसला काटकोन? हातची सवय नडली होती. डाव्या कोपऱ्याचा तुकडा हवा असला की ती उजव्याच्या मापाचा कापलेला पुठ्ठा पालथा घालायची. चढ तेवढाच, फक्त दुसऱ्या बाजूला. तसंच तिने इथेही दोनाचं उणे दोन करून टाकलं होतं.

"जमत नसेल तर लाजू नका," मुकादम म्हणाला.

"लाजायला मी काय नवी नवरी आहे?"

तिने गुण्या उचलून नकाशावर ठेवला. एक भुजा कडेला: एक घर उजवीकडे, दोन वर. दुसऱ्या भुजेवरून बोट फिरवलं: दोन घरं उजवीकडे, एक खाली.

"पालथं नाही घालायचं," ती पुटपुटली. "फिरवायचं."

आडव्याचं उभं, उभ्याचं आडवं, आणि चढाचा उतार. म्हणजे उणे एक छेद दोन. सहा घरांत रेघ तीन घरं उतरणार आणि खुणेवर तीनच उरायला हवीत, तर सुरुवात सहापासून. तिने एकेक बटण दाबत भरलं: y = −½x + 6. पडद्यावर रेघा दोन घरं उजवीकडे भेटताना दिसत होत्या, म्हणून तिने दोन्ही समीकरणांत x च्या जागी दोन घालून पाहिलं. दोन्हीकडे पाचच आले. रेघा तिथेच भेटत होत्या.

"हं, आता दाबा."

पातं किंचाळलं, पाणी उडालं, तुकडा सुटला. मुकादमाने गुण्या स्वतः लावला, मागे विजेरी धरली, एक डोळा मिटून पाहिलं. केसभरही उजेड येईना. त्याने दुसरा डोळा मिटून पाहिलं.

"मानलं बुवा!" तंत्रज्ञाला राहवेना. "पहिल्या दिवशी हे मलाही जमलं नव्हतं."

मुकादम खाकरला. "मग... उद्यापासून बसा इथे, मावशी."

"उद्या कशाला?" मावशीने पदर खोचला आणि यंत्रापुढच्या उंच खुर्चीवर टेकली. पाय लोंबकळत राहिले. "मुकादम, एवढी खुर्ची जरा खाली करा. आणि पुढची लादी आणा."