आवडी स्टेशनबाहेरचा फलक

संकेतने तंजावरकडची रम्या केली, त्याला चार वर्षं झाली. तिच्या घरी मराठीच बोलतात, असं तो सांगत होता. नावाची मराठी, म्हणालो मी, आणि त्याच्याशी बोलणं टाकलं. यंदा त्याच्या आईचं रडणं बघवेना, म्हणून त्याला न कळवता सोलापुरात गाडीत बसलो. वाटेत रम्याचे तीन फोन आले. उचलले नाहीत. आधी मुलाशी बोलेन, मग सुनेशी. माझा ताठा असा.

चेन्नईत उतरल्यापासून चिडचिड चालली होती. एक अक्षर वाचता येईल तर शपथ. लोकलने आवडीला, संकेतच्या कारखान्याच्या गावी पोचलो आणि स्टेशनबाहेरच्या भिंतीवर पाहतो तर माझा संकेत! भला मोठा फलक, हसरा फोटो, दिवा, फुलं, खाली ओळीने नावांसारखं काहीतरी. आमच्याकडे चौकाचौकात वाढदिवसाचे असेच फलक लागतात. याचा वाढदिवस तर दिवाळीत. म्हणजे कारखान्याच्या युनियनमध्ये निवडून आला असणार. परक्या मुलखात पोराने नाव काढलं. माझी छाती फुगली, आणि खरं सांगतो, ते गावही मला आवडायला लागलं.

शेजारच्या चहावाल्याला फोटोकडे आणि स्वतःकडे बोट दाखवून सांगितलं, माझा मुलगा. त्याने दोन्ही हात जोडले. मी त्याच्या हातात फोन दिला आणि फलकाखाली उभा राहून हसलो. तो जरा वेळ नुसता बघत राहिला, मग त्याने फोटो काढला. चहाचे पैसे काही केल्या घेईना. किती मानतात पोराला, असं वाटलं. फोटो लगेच हिला आणि गल्लीच्या ग्रुपवर पाठवला.

त्याच्या क्वार्टरसमोर मांडव होता, खुर्च्या मांडल्या होत्या. येताना हार घ्यायला हवा होता, असं मनात आलं.

आत काचेच्या पेटीत संकेत होता. काल दुपारी कामावर छातीत कळ आली, दवाखान्यात नेईपर्यंत संपलं होतं. शेजाऱ्याने मोडक्या हिंदीत सांगितलं.

रम्या भिंतीला धरून उठली.

"मामंजी, तुम्हांस तीनदा फोन केलें," ती म्हणाली. "तुम्ही येतील म्हणून त्यांस ठेविलें आहे."

माझी आजी असंच बोलायची. मी पेटीजवळ खाली बसलो. मला माझीच लाज वाटत होती.

खिशात फोन सारखा थरथरत होता. काढून पाहिला. ग्रुपवर अभिनंदन, पेढे कधी. सगळ्यांत वर हिचा निरोप होता, आधी पोराची दृष्ट काढा.