टोकाला टोक

“बंदच आहे ही आकृती,” मास्तर म्हणाले आणि नातीची वही त्यांनी बाईंच्या टेबलावर जवळजवळ आपटलीच. “तीन-तीन फुल्या? आणि लाल शाईने?”

शाळा सुटली होती. वर्गात बाई, दुसरीतली ठकी आणि मास्तर एवढेच उरले होते. कोणती आकृती बंद, कोणती उघडी, एवढाच काय तो घरचा अभ्यास. तो ठकीने आजोबांना विचारून केला होता, आणि आजोबांनी सगळ्याच आकृत्या बंद ठरवून टाकल्या होत्या.

“बसा ना आजोबा,” बाई म्हणाल्या. मास्तर पोरांच्या बुटक्या बाकावर बसले. गुडघे पार छातीला आले, पण ताठा गेला नाही. “अहो बाई, जन्म गेला माझा आकृत्या बंद करण्यात. मला शिकवता?”

बढाई होती, पण खोटी नव्हती. ते अजूनही खोक्यांच्या कारखान्यात डाय बनवत, आणि तिथे सगळे त्यांना मास्तर म्हणत. धारदार पोलादी पट्टी हव्या त्या आकारात वाकवायची, लाकडी फळीत ठोकून बसवायची आणि टोकाला टोक जुळवायचं. मग मशीनवर ती डाय पुठ्ठ्यावर दाबली की तेवढा आकार कापून सुटा होतो. टोकं जुळली नाहीत तर तुकडा सुटत नाही, लोंबकळत राहतो. मास्तरांची डाय म्हणजे काळ्या दगडावरची रेघ, असं मालकही म्हणायचे.

“ठकी, मुंगी दाखव आजोबांना,” बाई म्हणाल्या.

ठकीने आकृतीच्या पोटात पेन्सिलीचं टोक ठेवलं. “ही मुंगी. ती अशी फिरली, अशी फिरली, आणि इथून गेली बाहेर!”

मास्तर हसले. “लबाड! रेघ ओलांडलीस की.”

“इथे रेघच नाहीये, आजोबा.”

त्यांनी वही डोळ्यांजवळ नेली, मग हातभर लांब धरली. चष्मा पुसला. त्या चष्म्याने हल्ली काही फरक पडत नव्हता, पण हे त्यांनी सुनेलासुद्धा सांगितलं नव्हतं. रेघ सलग होती. त्यांना तरी सलगच दिसत होती.

“फट बारीक आहे,” बाई हळूच म्हणाल्या.

“हो हो, दिसली,” मास्तर म्हणाले. दिसली नव्हती.

ठकीने त्यांच्याकडे पाहिलं आणि पटकन बाईंना म्हणाली, “त्या दिवशी ना, लाइट गेले होते आमच्याकडे.”

लाइट गेले नव्हते. एवढीशी पोर आपली चूक झाकायला खोटं बोलली, हे कळून मास्तरांचे कान तापले. वही उचलून ते बाहेर पडले. रस्त्यात पायरी आली की ठकी त्यांचा हात जरासा ओढायची. ही सवय तिला कधी लागली, हेही त्यांना आठवेना.

मग त्यांना कारखान्यातली ताई आठवली.

ताई मशीन चालवायची. हल्ली खोक्याला हात घालायचं भोक नीट सुटत नव्हतं. तुकडा लोंबत राहायचा, हाताने ओढला की पुठ्ठा फाटायचा. “काका, एकदा डाय बघता का?” तिने दोनदा विचारलं होतं. “नाचता येईना अंगण वाकडं!” मास्तर सगळ्या कारखान्यासमोर ओरडले होते. “दाब देता येत नाही आणि डायला नावं ठेवतेस?” लोक हसले. मालकांनी तिला मशीनवरून काढून खोकी चिकटवायला बसवलं. तुकडे त्यानंतरही लोंबतच राहिले. तेव्हा मास्तरांनी नव्या माणसाला शिव्या घातल्या.

दुसऱ्या दिवशी ते सगळ्यांच्या आधी कारखान्यात पोचले. डोळ्यांवर विसंबायचं नाही म्हणून डाय पुढ्यात घेऊन पट्टीच्या जोडावरून नख फिरवलं. नख फटीत अडकलं. दुसरी डाय घेतली. तिथेही अडकलं. तिसरी त्यांनी पाहिलीच नाही.

हातोडी शेजारीच होती. दोन ठोके मारले असते तर टोकं जुळली असती, कुणाला पत्ता लागला नसता. त्यांनी हातोडी उचललीही. मग त्यांना स्वतःचीच किळस आली.

सगळे आल्यावर ते मालकांसमोर उभे राहिले. “मालक, दाब बरोबर होता. डाय चुकली होती. माझी.”

मालक अवघडले. “जाऊ द्या हो मास्तर. होतं कधीमधी.”

“कधीमधी नाही. मला दिसत नाही.” मग ते ताईकडे वळले. ती टेबलाशी बोटं खळीने माखून बसली होती. “चारचौघांत बोललो होतो, म्हणून चारचौघांतच सांगतो. चूक माझी होती, ताई.”

ताई बोटं पुसत राहिली. “मलाही वाटायला लागलं होतं, काका,” ती शेवटी म्हणाली. “की आपल्याला जमतच नाही. घरीसुद्धा तेच सांगितलं मी.”

मास्तरांना वाटलं, हिने दोन शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

“मग आता तुम्ही काय करणार?” मालकांनी विचारलं.

“तिला दिलं होतंत, ते.”

ताई मशीनकडे गेली. तिच्या रिकाम्या स्टुलावर मास्तर बसले. बाजूच्या पोरीने खळीचा डबा त्यांच्याकडे सरकवला. त्यांनी पहिलं खोकं दुमडलं, त्याच्या कडेच्या पट्टीला खळ लावली आणि अंगठ्याने दाबली. ते खोकं बाजूला ठेवतात न ठेवतात तोच पोरीने हात लांब करून, कुणाला दिसणार नाही अशा बेताने, पट्टी सरळ केली.

मास्तरांनी तिचं मनगट धरलं. “असं गुपचूप नको, पोरी. चुकलं की सांग.”

ती गोंधळली. मालकांकडे बघून मग हळूच म्हणाली, “वाकडं लागलंय, काका.”

“बरं,” मास्तर म्हणाले. त्यांनी पट्टी सोडवली आणि पुन्हा लावायला घेतली.