कोटाचं उजवं कोपर

मी कोट बोलतोय. नव्याकोऱ्या कापडाचा, पण जन्मल्याबरोबर म्हातारा केलेला. सिनेमाची वेशभूषा बघणाऱ्या ताईंनी मला शिंप्याकडून शिवून घेतलं, किसणीने खरवडलं, चहाच्या पाण्यात बुडवलं आणि उजव्या कोपरावर बटणाएवढं भोक पाडलं. सिनेमातल्या म्हाताऱ्याला जगात कुणी नाही, हे कुणीच बोलून दाखवणार नव्हतं. ते माझ्या भोकाने सांगायचं होतं. मला त्याचा फार गर्व होता.

सिनेमाचा शेवट आधी चित्रित झाला. या लोकांत असंच चालतं. माणूस आधी संपतो, मग सुरू होतो.

मग एकदा ताईंनी मला घरी नेलं आणि घात झाला. त्यांच्या आईंना फाटकं बघवत नाही. लेक आंघोळीला गेली तेवढ्यात त्यांनी असं रफू केलं, की माझं मलाच भोक सापडेना. दुसऱ्या दिवशी तीनशे माणसांच्या गर्दीतलं दृश्य मला घालून उरकलं. भोक बुजलंय हे कुणाच्या गावीही नव्हतं. संध्याकाळी पडद्यावर पाहिलं आणि दिग्दर्शकाचा चेहरा उतरला. तेवढी गर्दी पुन्हा जमणं शक्य नव्हतं. ताईंचा हा पहिलाच सिनेमा, आणि काम हातचं गेल्यात जमा.

"रफू कुणी केलं?" दिग्दर्शकाने विचारलं.

"आईने," ताई रडवेल्या होऊन म्हणाल्या.

"म्हाताऱ्याला तर कुणीच नाही. आता कुणीतरी द्यावं लागेल."

आणि खरंच दिलं. माझ्या कोपरापायी म्हाताऱ्याचं लग्न लागलं. स्वयंपाकघर उभारलं, एका कपाचे दोन कप झाले. तसे टाके दुसऱ्या कुणाला जमेनात, म्हणून बायको झाल्या ताईंच्या आईच. पण शेवटच्या दृश्यात भोक होतंच, तेव्हा कथेत त्यांना मरावं लागलं. एवढ्याशा भोकासाठी जीव द्यायचा म्हणजे अतीच झालं, असं त्या सगळ्यांना सांगत फिरल्या.

सिनेमा लागला. शेवटी माझं भोक दिसलं आणि लोक हुंदके देऊ लागले. आई मात्र लेकीकडे वळल्या.

"मी गेल्यावर तुझंही असंच होणार. साधं बटण लावता येत नाही तुला."

 ताईंना फक्त फाडता येतं.

आता मी त्यांच्या घरी असतो. रोज सकाळी मायलेकी मला घेऊन बसतात. ताई टाके घालतात, आई ते उसवतात आणि पुन्हा घाल म्हणतात. कोपराची पार चाळण झाली आहे, पण मी हूं की चूं करत नाही. माझं एकच मागणं आहे: ताईंना हे इतक्यात जमू नये.