कोऱ्या कागदावरची सही

एकोडीत पोलिसांना पंच हवा असला की ते आधी इश्वरच्या हॉटेलात येत. चहा पीत, कागद पुढे करत आणि इश्वर ओल्या हातानेच सही ठोकून देई. कागद कोरा आहे की लिहिलेला, हे विचारायची रीतच नव्हती. गावात अशा माणसाला 'कामाचा माणूस' म्हणतात. इश्वरला त्याचा थोडा तोराही होता.

अशाच एका सहीवर गावातल्या चिंधूच्या घरातून रक्ताळलेली कुऱ्हाड 'पंचांसमक्ष' निघाली. इश्वरने ते घर आतून कधी पाहिलंही नव्हतं! कोर्टात खरं बोलावं तर आपणच अडकू, म्हणून तो पढवलेलं बोलून आला. खुनाच्या आरोपाखाली चिंधूला जन्मठेप झाली. नऊ वर्षांनी हायकोर्टाने त्याला सोडलं, गावाने मात्र सोडलं नाही. "संशयाचा फायदा भेटला त्याले, नाहीतं केलं त्यानंच," असं लोक पोह्यांवर तर्री घेता घेता म्हणत आणि इश्वर मान खाली घालून कपबशा विसळत राही.

सुटल्यापासून चिंधू गावोगाव फिरून 'कोऱ्या कागदावर सही करू नका' म्हणून सांगत होता. एका सकाळी तो हॉटेलात येऊन बसला. बाकावरचे दोघे उठून गेले.

"चिंधूभाऊ, चाय देऊ?"

"चाय नको. उद्या ग्रामसभा आहे. कुऱ्हाड तू पाहिली का नाही, येवढंच सांग तिथं."

"मलेच आत टाकतीन ना!"

"टाकतीन बी. मी राहून आलो तिथं." चिंधूचा आवाज चढला नाही. "पण धुरपताले कोणी धानाच्या रोवणीले बोलावत नाही. खुन्याची बायको म्हणतेत. तिनं कोणाचं काय केलं होतं रे?"

दुपारी इश्वरने बायकोला, शकुंतलाबाईला, सगळं सांगितलं. हॉटेल बंद पडेल, हेही सांगितलं.

"पडू द्या बंद," ती म्हणाली. "धुरपता माह्यासमोरून मान खाली घालून जाते, अन् लाज मले वाटते."

दुसऱ्या दिवशी ग्रामसभेत सांडपाण्याच्या नालीचा विषय संपला तसा इश्वर उठला.

"मी कुऱ्हाड पाहिली नाही. सही कोऱ्या कागदावर केली. कोर्टात खोटं बोललो. चिंधूभाऊची नऊ वर्सं मी खाल्ली."

"हे आजच्या विषयात नाही," सरपंच निर्मलाबाई गडबडून म्हणाल्या.

"मंग आता घ्या विषयात," बायकांतून धुरपता बोलली.

चिंधू उभा राहिला. "आणखी कोणं कोणं केली अशी सही? हात वर करा."

आधी म्हाताऱ्या सुखरामचा हात वर गेला. मग दोन, मग भिंतीकडचे पाच-सहा. आपण एकटेच नाही, असं वाटून इश्वरला क्षणभर हायसं वाटलं आणि त्या हायसं वाटण्याचीच त्याला शिसारी आली.

चिंधूने खिशातून वही काढली. "नावं सांगा. तुमची नाही. ज्यायच्यावर सही केली, त्यायची."

हात हळूहळू खाली आले. कोणी छताकडे पाहू लागलं, कोणी चपला शोधू लागलं. इश्वरने आजवर वीस-बावीस सह्या केल्या होत्या. चिंधू सोडला तर त्याला एकही नाव आठवेना.